लाकातोश, इम्रे

(९ नोव्हेंबर १९२२ – २ फेब्रुवारी १९७४). हंगेरीत जन्मलेला व इंग्लंडमध्ये अध्यापन केलेला गणिताचा आणि विज्ञानाचा तत्त्ववेत्ता. गणितातील सिद्धता परिपूर्ण अवस्थेत जन्मास येत नाहीत. अटकळ, तिचे खंडन आणि खंडनातून होणारी सुधारणा अशा दीर्घ प्रक्रियेतून त्या घडत जातात, हे त्याने गणिताच्या इतिहासाच्या आधारे दाखविले. विज्ञानाच्या बाबतीत त्याने एक वेगळा प्रश्न हाती घेतला. एखाद्या उपपत्तीला प्रतिकूल असा पुरावा पुढे आल्यावरही तिला धरून राहणे केव्हा विवेकाला धरून असते आणि केव्हा तो केवळ हट्ट ठरतो, हा तो प्रश्न होय. ‘संशोधन कार्यक्रमांची रीतिमीमांसा’ या नावाने ओळखली जाणारी त्याची विचारप्रणाली म्हणजे या प्रश्नाचे उत्तर देण्याचा प्रयत्न आहे. लाकातोशने आपल्या आयुष्याची पहिली चौतीस वर्षे अशा समाजांत घालविली, की जेथे या प्रश्नाचा निर्णय अभ्यासक करीत नसत, राज्यसत्ता करीत असे. काही काळ तो स्वतः त्या सत्तेचा एक घटक होता आणि नंतर तिचा बंदिवान झाला. त्याच्या तत्त्वज्ञानाचे महत्त्व आणि त्याच्या मर्यादा ही दोन्ही समजून घेण्यास ही पार्श्वभूमी ध्यानात घेणे आवश्यक आहे.

पूर्वायुष्य : लाकातोशचा जन्म पूर्व हंगेरीतील डेब्रेत्सेन या शहरी एका ज्यू कुटुंबात झाला. त्याचे मूळ आडनाव लिप्शित्स. डेब्रेत्सेन विद्यापीठात गणित, भौतिकी व तत्त्वज्ञान या विषयांचा अभ्यास करून त्याने १९४४ मध्ये पदवी संपादन केली. विद्यार्थिदशेतच तो मार्क्सवादाकडे वळला होता. १९ मार्च १९४४ रोजी जर्मन सैन्याने हंगेरीचा ताबा घेतला आणि मेच्या मध्यापासून जुलैच्या प्रारंभापर्यंतच्या सु. आठ आठवड्यांत देशातील सु. ४,३७,००० ज्यूंना हद्दपार करण्यात आले. त्यांतील बहुतेकांची रवानगी आउश्‌व्हित्सच्या छळछावणीत झाली. लाकातोशची आई व आजी यांचा तेथेच अंत झाला. तो स्वतः मोल्नार या नावाची बनावट कागदपत्रे मिळवून नॉड्यव्हाराड (सध्याचे रूमानियातील ओरादेआ) या शहरी भूमिगत राहिला. युद्ध संपल्यावर त्याने लाकातोश हे नाव घेतले. हंगेरियन भाषेत त्याचा अर्थ कुलुपे तयार करणारा कारागीर असा होतो.

याच भूमिगत अवस्थेत घडलेल्या एका घटनेचा उल्लेख टाळता येत नाही. लाकातोश हा तेथील तरुण मार्क्सवाद्यांच्या एका छोट्या गुप्त गटाचा नेता होता. या गटात एव्हा इझाक नावाची एकोणीस वर्षांची ज्यू तरुणी येऊन दाखल झाली. ती पकडली गेली, तर छळाला बळी पडून ती इतरांची नावे सांगेल व सर्वांचे प्राण धोक्यात येतील, असा युक्तिवाद लाकातोशने गटापुढे मांडला आणि तिने आत्महत्या करणे हे तिचे कर्तव्य आहे, असा निर्णय गटाने घेतला. तिला हा निर्णय कळविण्यात आला. गटातील एक जण तिला डेब्रेत्सेनला घेऊन गेला आणि तेथे विष घेऊन तिने आपले जीवन संपविले. हंगेरीतील साम्यवादी राजवट संपुष्टात आल्यानंतर, १९९० नंतरच्या काळात, त्या गटातील हयात व्यक्तींच्या कथनांतून हा प्रसंग तपशीलवार उजेडात आला. भीतीचे ते दिवस लक्षात घेतले, तरी एका निरपराध व्यक्तीचा केवळ संभाव्य धोक्याच्या तर्कावरून बळी देण्यात आला, ही वस्तुस्थिती बदलत नाही.

सत्ता, तुरुंगवास व स्थलांतर : युद्धोत्तर काळात लाकातोश बूडापेस्टला आला. तेथे तो मार्क्सवादी तत्त्वज्ञ ग्यॉर्ग लुकाच याच्या चर्चासत्रांना उपस्थित राहत असे. कम्युनिस्ट पक्षाचा कार्यकर्ता म्हणून त्याने शिक्षण मंत्रालयात काम केले. १९४७ मध्ये त्याला डेब्रेत्सेन विद्यापीठाची डॉक्टरेट मिळाली. उच्च शिक्षण पक्षाच्या धोरणानुसार वळविण्याच्या मोहिमेत तो आघाडीवर होता. बूडापेस्टमधील ख्यातनाम ईटव्हश महाविद्यालयाची स्वायत्तता नष्ट करण्याच्या प्रयत्नांतही त्याचा सहभाग होता. १९४९ मध्ये तो मॉस्को विद्यापीठात अभ्यासासाठी गेला. त्याच्या आदल्या वर्षीच, ऑगस्ट १९४८ मध्ये, सोव्हिएट सत्ताधाऱ्यांनी लिसेंकोच्या मताला अधिकृत मान्यता देऊन मेंडेलप्रणीत आनुवंशिकीचे अध्यापन बंद पाडले होते. अभ्यासक्रमात कोणते विज्ञान असावे व कोणते असू नये, हे पक्षाच्या ठरावाने निश्चित होताना लाकातोशने तेथे पाहिले.

हंगेरीला परतल्यावर एप्रिल १९५० मध्ये त्याला अटक झाली. पक्षांतर्गत शुद्धीकरणाच्या त्या काळात पक्षाचे अनेक निष्ठावंत कार्यकर्ते अशाच रीतीने तुरुंगात गेले. सु. साडेतीन वर्षांच्या बंदिवासाचा मोठा भाग लाकातोशने रेच्क येथील दगडाच्या खाणीलगतच्या श्रमछावणीत काढला. मार्च १९५३ मध्ये स्टालिन मरण पावला; त्या वर्षी जुलैमध्ये इम्रे नॉज हा पंतप्रधान झाल्यावर या छावण्या बंद करण्यात आल्या आणि सप्टेंबरमध्ये लाकातोशची सुटका झाली. त्यानंतर गणितज्ञ आल्फ्रेड रेन्यी याच्या आश्रयाने त्याला बूडापेस्टच्या गणित संशोधन संस्थेत काम मिळाले. तेथे तो गणितविषयक ग्रंथांची हंगेरियन भाषांतरे करीत असे. जॉर्ज पोल्या याने गणितातील उदाहरणे सोडविण्याच्या रीतींविषयी लिहिलेल्या प्रसिद्ध पुस्तकाचे भाषांतर त्याने केले, ते याच काळात. पोल्याच्या विचारांशी झालेला हा परिचय त्याच्या पुढील कार्याला निर्णायक ठरला.

सप्टेंबर १९५६ च्या अखेरीस बूडापेस्टमधील पेतफी मंडळात शिक्षणविषयक चर्चा झाली, तीत लाकातोशने भाषण केले. विद्वान घडवावयाचे असतील, तर शंका घेण्याचे, मतभेद व्यक्त करण्याचे आणि पक्षाच्या भूमिकेपेक्षा वस्तुस्थितीला अधिक मान देण्याचे स्वातंत्र्य त्यांना असले पाहिजे, असा त्याच्या भाषणाचा आशय होता. दहा वर्षांपूर्वीची त्याची मते पाहता हा बदल मूलगामी होता. पुढील महिन्यात हंगेरीत उठाव झाला. तो सोव्हिएट रणगाड्यांनी नोव्हेंबरमध्ये चिरडून टाकला. त्याच महिन्यात लाकातोशने सीमा ओलांडून व्हिएन्ना गाठले व तेथून तो इंग्लंडला गेला. त्यानंतर तो अखेरपर्यंत इंग्लंडमध्येच राहिला, तथापि त्याला ब्रिटिश नागरिकत्व मिळाले नाही.

गणिताचे तत्त्वज्ञान : रॉकफेलर प्रतिष्ठानच्या शिष्यवृत्तीवर लाकातोशने केंब्रिज विद्यापीठाच्या किंग्ज कॉलेजमध्ये आर. बी. ब्रेथवेट याच्या मार्गदर्शनाखाली संशोधन केले. गणितातील शोधाचे तर्कशास्त्र या विषयावरील त्याच्या प्रबंधाला १९६१ मध्ये पीएच्. डी. पदवी मिळाली. ऑयलरच्या बहुफलकविषयक सूत्राचा इतिहास अभ्यासावा, ही सूचना पोल्याची होती. या प्रबंधाचा गाभा सिद्धता व खंडने या विषयावरील निबंधाच्या रूपाने १९६३-६४ मध्ये चार भागांत ब्रिटिश तत्त्वज्ञानविषयक नियतकालिकात प्रसिद्ध झाला. त्यात आणखी सुधारणा करावयाच्या आहेत, असे वाटत राहिल्याने लाकातोशने त्याचा ग्रंथ होऊ दिला नाही. त्याच्या मृत्यूनंतर जॉन वॉरल व एली झहार या शिष्यांनी तो १९७६ मध्ये संपादित करून प्रकाशित केला.

या लेखनाची रचना संवादात्मक आहे. एका काल्पनिक वर्गात शिक्षक व ग्रीक मुळाक्षरांची नावे धारण केलेले विद्यार्थी यांच्यात वाद चालू आहे. विषय सोपा आहे. कोणत्याही बहुफलकाच्या शिरोबिंदूंच्या संख्येतून कडांची संख्या वजा करून तीत पृष्ठांची संख्या मिळविली, तर उत्तर २ येते काय? घनाला ८ शिरोबिंदू, १२ कडा व ६ पृष्ठे असतात. उत्तर २ येते. शिक्षक एक सिद्धता मांडतो. ती कोशी या फ्रेंच गणितज्ञाने १८११ मध्ये दिलेली आहे : बहुफलक रबरी पडद्याचे आहे असे समजून त्याचे एक पृष्ठ काढून टाकावे, उरलेला भाग सपाट पसरावा, त्याचे त्रिकोणांत विभाजन करावे व एकेक त्रिकोण क्रमाने काढून टाकावा. सिद्धता पटते न पटते तोच विद्यार्थी प्रतिउदाहरणे पुढे आणतात. घनाच्या पोटात दुसरा लहान घन पोकळीच्या रूपाने असेल, तर उत्तर ४ येते. तसबिरीच्या चौकटीसारख्या, मध्ये आरपार भोक असलेल्या बहुफलकात १६ शिरोबिंदू, ३२ कडा व १६ पृष्ठे असतील, तर उत्तर शून्य येते.

यावर काय करावे? एक विद्यार्थी म्हणतो की, सूत्र खोटे ठरले, ते सोडून द्यावे. दुसरा म्हणतो की, अशा विचित्र आकृतींना बहुफलक म्हणूच नये. तो प्रत्येक नव्या संकटानंतर बहुफलकाची व्याख्या आणखी आवळतो. तिसरा अपवादांची यादी करून सूत्राला सुरक्षित क्षेत्रापुरते मर्यादित करतो. यांपैकी कोणत्याही मार्गाने ज्ञानात फारशी भर पडत नाही, हे लाकातोश दाखवून देतो. त्याच्या मते फलदायी मार्ग निराळा आहे. प्रतिउदाहरणाचा उपयोग करून सिद्धतेतील नेमकी कोणती पायरी अडते, हे शोधावे आणि त्या पायरीत गृहीत धरलेली अट सिद्धांताच्या विधानात स्पष्टपणे समाविष्ट करावी. असे केल्याने सिद्धांत तर सुधारतोच, शिवाय नव्या, अधिक खोल संकल्पना जन्मास येतात. तळटीपांमधून लाकातोश वाचकाला सांगतो की, वर्गातील हे वाद काल्पनिक नाहीत. एकोणिसाव्या शतकातील गणितज्ञांनी यांतील जवळजवळ प्रत्येक भूमिका कधी ना कधी घेतलेली आहे.

या विवेचनाचा रोख गणिताला केवळ आकारिक व निगमनात्मक शास्त्र मानणाऱ्या मतावर होता. पाठ्यपुस्तकात आधी व्याख्या, मग प्रमेय व शेवटी सिद्धता असा क्रम असतो. तो शोधाच्या क्रमाच्या नेमका उलट असतो. त्यामुळे विद्यार्थ्याला व्याख्या आकाशातून पडल्यासारखी वाटते आणि ती कोणत्या अडचणीतून निघाली, हे त्याला कधीच कळत नाही. गणितशिक्षणाच्या क्षेत्रात लाकातोशच्या या टीकेचा प्रभाव दीर्घकाळ टिकला. तथापि ज्या शाखांत व्याख्या दीर्घकाळ अस्थिर नव्हत्या, त्यांना हे चित्र कितपत लागू पडते, असा आक्षेप गणिताच्या इतिहासकारांनी घेतला आहे, आणि तो विचारात घेण्याजोगा आहे.

लंडनमधील कार्य : १९६० मध्ये लाकातोश लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये कार्ल पॉपरच्या विभागात रुजू झाला व १९६९ मध्ये तेथे तर्कशास्त्राचा प्राध्यापक झाला. जुलै १९६५ मध्ये लंडनच्या बेडफर्ड कॉलेजात भरलेल्या विज्ञानाच्या तत्त्वज्ञानाच्या आंतरराष्ट्रीय परिसंवादाच्या संयोजनात त्याचा प्रमुख वाटा होता. पॉपर व अमेरिकन विज्ञानेतिहासकार टॉमस कून या दोघांच्या मतांचा तेथे समोरासमोर विचार झाला. या परिसंवादावर आधारलेला, लाकातोश व ॲलन मस्‌ग्रेव्ह यांनी संपादित केलेला ग्रंथ १९७० मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातच लाकातोशचा संशोधन कार्यक्रमांविषयीचा दीर्घ निबंध आहे.

वादाचे स्वरूप थोडक्यात असे : पॉपरने १९३४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात विज्ञान व अविज्ञान यांच्यात सीमारेषा आखताना खंडनीयता ही कसोटी पुढे केली होती. जी उपपत्ती कोणत्या निरीक्षणाने खोटी ठरेल हे आधी सांगता येते, ती वैज्ञानिक. आणि तसे निरीक्षण घडले, तर वैज्ञानिकाने ती सोडली पाहिजे. उलट कूनने १९६२ मधील आपल्या ग्रंथात असे दाखविले की, वैज्ञानिक बहुधा एका मान्य प्रतिमानाच्या चौकटीत काम करतात, विसंगती दिसल्या तरी ते प्रतिमान सोडीत नाहीत आणि क्रांतीच्या वेळी होणारे स्थित्यंतर बरेचसे धर्मांतरासारखे असते. लाकातोशच्या मते पॉपरची कसोटी विज्ञानाच्या प्रत्यक्ष इतिहासात उतरत नाही. कारण सर्व थोर उपपत्ती जन्मापासूनच विसंगतींनी वेढलेल्या असतात. परंतु कूनचे म्हणणे मान्य केले, तर वैज्ञानिक क्रांती हा समूहाच्या मानसशास्त्राचा विषय होऊन बसतो. ज्या पक्षाचे संख्याबळ व आवाज मोठा, तो बरोबर, असे म्हणण्यापासून मग माणसाला परावृत्त करता येत नाही. लिसेंकोचे समर्थकही एके काळी संख्येने व अधिकाराने मोठे होते.

संशोधन कार्यक्रमांची रीतिमीमांसा : लाकातोशने सुचविलेला पर्याय असा, की मूल्यमापन एकेकट्या उपपत्तीचे न करता उपपत्तींच्या मालिकेचे करावे. या मालिकेला तो संशोधन कार्यक्रम म्हणतो. प्रत्येक कार्यक्रमाला एक कठीण गाभा असतो. न्यूटनच्या बाबतीत गतीचे तीन नियम व गुरुत्वाकर्षणाचा नियम हा तो गाभा होय. त्याचे पुरस्कर्ते गाभ्याला हात न लावण्याचे ठरवितात. गाभ्याभोवती साहाय्यक गृहीतकांची संरक्षक मेखला असते. निरीक्षणाशी विरोध आला की बदल या मेखलेत केला जातो. हे बदल कसे करावेत, पुढे कोणते प्रश्न घ्यावेत, यांविषयीची दिशाही कार्यक्रमातच अंतर्भूत असते. असे बदल करणे हे स्वतः काही गैर नाही. प्रश्न एवढाच, की त्या बदलांतून आधी अज्ञात असलेल्या वस्तुस्थितीचे भाकीत निघते काय व ते खरे ठरते काय. तसे होत असेल, तर कार्यक्रम प्रगमनशील होय. उपपत्ती जर नेहमी घटनांच्या मागून धावत असेल आणि प्रत्येक बदल केवळ आलेली अडचण झाकण्यासाठी होत असेल, तर कार्यक्रम अधोगामी होय.

हा फरक स्पष्ट होण्यास खगोलशास्त्रातील दोन प्रसंग उपयोगी पडतात. १७८१ मध्ये शोधला गेलेला युरेनस हा ग्रह न्यूटनच्या नियमांनुसार अपेक्षित असलेल्या मार्गाने जात नव्हता. ल व्हेऱ्ये या फ्रेंच ज्योतिर्विदाने न्यूटनला चुकीचे ठरविले नाही. पलीकडे एक अज्ञात ग्रह आहे, असे गृहीत धरून त्याने त्याचे स्थान गणिताने काढले. २३ सप्टेंबर १८४६ रोजी बर्लिन वेधशाळेत गाले याला त्या स्थानापासून एका अंशाच्या आत नेपच्यून सापडला. पुढे बुधाच्या कक्षेचा सूर्यसमीप बिंदू अपेक्षेपेक्षा किंचित अधिक सरकतो, असे त्याच ल व्हेऱ्येने १८५९ मध्ये दाखविले. हा फरक एका शतकात सु. ४३ विकला इतका आहे. या वेळीही त्याने तोच मार्ग अवलंबिला आणि बुधाच्या आत व्हल्कन नावाचा ग्रह असल्याचे मानले. व्हल्कन कधीच सापडला नाही. १९१५ मध्ये आइन्स्टाइनच्या व्यापक सापेक्षता सिद्धांतातून हे ४३ विकलांचे मूल्य कोणतीही खास तजवीज न करता निघाले. शिवाय सूर्याजवळून जाणाऱ्या प्रकाशकिरणांच्या वक्रीभवनाचे नवे भाकीतही त्याने केले व ते १९१९ च्या खग्रास सूर्यग्रहणाच्या वेळी पडताळण्यात आले. ल व्हेऱ्येची कृती दोन्ही प्रसंगी सारखीच होती व दोन्ही वेळी ती समर्थनीय होती. न्यूटनचा कार्यक्रम बुधाच्या एका विसंगतीमुळे पडला नाही. त्याच्याहून अधिक काही सांगणारा प्रतिस्पर्धी कार्यक्रम पुढे आला, तेव्हा तो मागे पडला.

अधोगामी कार्यक्रमाचे उदाहरण म्हणून लाकातोशने मार्क्सवादाचा उल्लेख केला आहे. कामगारवर्गाचे दारिद्र्य वाढत जाईल, क्रांती सर्वांत प्रगत औद्योगिक देशात प्रथम होईल, समाजवादी समाजात उठाव होणार नाहीत व समाजवादी राष्ट्रांत हितविरोध राहणार नाही, ही त्याची भाकिते ठळक होती आणि ती चुकली. नंतर प्रत्येक अपयशाचे स्पष्टीकरण देण्यात आले; परंतु त्या स्पष्टीकरणांतून एकही नवे भाकीत निघाले नाही. १९५६ चा हंगेरीतील उठाव पाहिलेल्या माणसाने हे उदाहरण निवडावे, यात आश्चर्य नाही. मात्र लाकातोशचा आक्षेप मार्क्सवादाची भाकिते चुकली, एवढाच नव्हता. चूक झाल्यावर ती सुधारण्याची जी रीत होती, तिच्यावर त्याचा मुख्य कटाक्ष होता.

३० जून १९७३ रोजी मुक्त विद्यापीठासाठी नभोवाणीवरून दिलेल्या व्याख्यानात त्याने विज्ञान व छद्मविज्ञान यांतील भेद हा केवळ पंडितांच्या खोलीतील प्रश्न नाही, असे प्रतिपादन केले. कॅथलिक चर्चने कोपर्निकसचे मत निषिद्ध ठरविले आणि सोव्हिएट कम्युनिस्ट पक्षाने मेंडेलवाद्यांचा छळ केला, ते दोन्ही आपल्या विरोधकांचे मत अवैज्ञानिक आहे, याच आधारावर. सीमारेषा कोठे आखावयाची, यावर माणसांचे प्राण अवलंबून असू शकतात. १९६८ मध्ये विद्यार्थी आंदोलनाच्या काळात आपल्या संस्थेच्या संचालकाला लिहिलेल्या पत्रातही त्याने हीच भूमिका घेतली. आपल्या विद्यार्थिदशेत नाझी विद्यार्थ्यांनी व पुढे मॉस्कोत पक्षाच्या मध्यवर्ती समितीने अभ्यासक्रमांत केलेल्या ढवळाढवळीचा दाखला देऊन, शैक्षणिक निर्णयांत विद्वत्तेबाह्य दबावाला जागा देऊ नये, असा इशारा त्याने दिला. ईटव्हश महाविद्यालयासंबंधीच्या पूर्वीच्या मोहिमेत तो स्वतः कोणत्या बाजूला होता, हे येथे आठवल्यावाचून राहत नाही.

टीका व मूल्यमापन : लाकातोशच्या मतावरील सर्वांत मर्मभेदी टीका त्याचा मित्र पॉल फायराबेंट याने केली. अधोगामी कार्यक्रम किती काळपर्यंत धरून ठेवावा, याची मुदत लाकातोश देत नाही. ती देता येणेही कठीण आहे. सर्व अणुभार हायड्रोजनच्या अणुभाराच्या पूर्ण पटीत असतात, हे प्राउटचे १८१५ मधील मत क्लोरिनच्या ३५·५ या अणुभारामुळे जवळजवळ शतकभर त्याज्य मानले गेले. पुढे समस्थानिकांच्या शोधाने त्यातील तथ्य उघड झाले. आज अधोगामी असलेला कार्यक्रम उद्या सावरू शकतो. मग त्याला चिकटून राहणाऱ्याला अविवेकी म्हणण्याचा आधार कोणता? फायराबेंटच्या मते लाकातोशचे निकष हे केवळ शब्दांचे अलंकार उरतात; प्रत्यक्षात ते काहीच निषिद्ध करीत नाहीत.

यावर लाकातोशचे उत्तर असे होते की, अधोगामी कार्यक्रमात राहण्याचा धोका पत्करण्यास कोणालाही मुभा आहे; मात्र दोन्ही पक्षांच्या यशापयशाची नोंद उघडपणे ठेवली गेली पाहिजे आणि धोका पत्करणाऱ्याने तो धोका आहे, हे नाकारता कामा नये. अशा कार्यक्रमांतील लेख नियतकालिके नाकारू शकतात व संशोधनसंस्था त्यांना निधी देण्याचे थांबवू शकतात. येथे एक नवी अडचण उद्‌भवते. निर्णय पक्षाच्या हातून काढून संपादकांच्या व निधी देणाऱ्यांच्या हाती दिला, तरी त्यांच्या निर्णयाची चूक कोणी व केव्हा दाखवावयाची, हा प्रश्न शिल्लक राहतो. लाकातोशने त्याचे समाधानकारक उत्तर दिलेले नाही. त्याने भूतकाळाचे मूल्यमापन करण्याचा मापदंड दिला. भविष्याविषयीचा सल्ला त्यातून निघत नाही, असे इयन हॅकिंग याच्यासारख्या अभ्यासकांनी म्हटले आहे.

विज्ञानेतिहासकारांचा दुसरा आक्षेप असा, की लाकातोश इतिहासाची ‘विवेकी पुनर्रचना’ करतो आणि प्रत्यक्षात जे घडले, त्याला तळटीपेत ढकलतो. १९७१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निबंधात त्याने या पद्धतीचे समर्थन केले आहे. विज्ञानाचे तत्त्वज्ञान व विज्ञानाचा इतिहास या दोन शाखांना एकमेकींची गरज आहे, हे कांटच्या एका प्रसिद्ध वचनाच्या धर्तीवर त्याने मांडलेले मत आता सर्वमान्य झाले आहे. परंतु त्याने स्वतः ते ज्या रीतीने आचरणात आणले, तिचे अनुकरण फारसे कोणी केलेले नाही. पॉपरनेही आपल्या मताचे लाकातोशने विपर्यस्त चित्र रेखाटले, अशी तक्रार केली व दोघांमधील संबंध अखेरच्या काळात दुरावले.

लाकातोशच्या जीवनातून त्याचे तत्त्वज्ञान सरळ काढून दाखविण्याचा मोह काही लेखकांना झाला आहे. तो टाळणे इष्ट ठरेल. १९४४ मधील प्रसंगाविषयी त्याने आपल्या लेखनात कोठेही खुलासा केलेला नाही, आणि त्याच्या सिद्धांताचा खरेखोटेपणा त्याच्या चारित्र्यावर ठरत नाही. तथापि एवढे निश्चित म्हणता येते की, बिनतोड वाटणाऱ्या युक्तिवादाच्या बळावर माणसे कोठवर जाऊ शकतात, हे त्याने आतून पाहिले होते. आपले मत धरून ठेवण्याचा अधिकार तो नाकारीत नाही; त्या मताने आतापर्यंत काय दिले व काय दिले नाही, याचा हिशेब लपविण्याचा अधिकार मात्र तो कोणालाही देत नाही. सिद्धांत म्हणून त्याच्या मापदंडात उणिवा असल्या, तरी हिशेबाच्या या मागणीचे मोल त्यामुळे कमी होत नाही.

लाकातोशचे लंडन येथे वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी आकस्मिक निधन झाले. त्या वेळी तो विज्ञानाच्या तत्त्वज्ञानाला वाहिलेल्या ब्रिटिश नियतकालिकाचा संपादक होता. विवेकाधिष्ठित रीतीच्या बाजूने त्याने व विरुद्ध बाजूने फायराबेंटने लिहावे, असा दोघांचा एकत्र ग्रंथाचा संकल्प त्याच्या मृत्यूमुळे अपुरा राहिला. फायराबेंटने आपली बाजू १९७५ मध्ये स्वतंत्र ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली व तो ग्रंथ लाकातोशला अर्पण केला. या दोघांचा पत्रव्यवहार व लाकातोशची रीतिमीमांसेवरील व्याख्याने १९९९ मध्ये प्रकाशात आली. लाकातोशचे निबंध वॉरल व ग्रेगरी करी यांनी १९७८ मध्ये दोन खंडांत संकलित केले. त्याच्या कल्पनांचा अर्थशास्त्राच्या रीतिमीमांसेवरही परिणाम झाला. त्याच्या निधनानंतर काही महिन्यांनी, १९७४ मध्येच, ग्रीसमधील नाफ्प्लिओन येथे याच विषयावर परिसंवाद भरला होता. विज्ञानाच्या तत्त्वज्ञानातील उत्कृष्ट ग्रंथासाठी लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सतर्फे दिला जाणारा लाकातोश पुरस्कार १९८६ मध्ये सुरू झाला.